मामाच्या दुकानातलं २४ ग्रॅम रोज गोल्ड, दोनदा तुटलेलं

आखाजीसाठी, म्हणजे अक्षय्य तृतीयेसाठी, जळगावला घरी गेलो होतो, म्हणलं चार दिवस आमरस आणि सांजोऱ्या खाऊ, दुपारी झोपू, लॅपटॉप बॅगेतून काढायचाच नाही. दुसऱ्याच दिवशी मामाने दुकानात बोलावून घेतलं. बाहेर ४४ डिग्री, आत शेगडी पेटलेली, आणि मामा काउंटरवर कागदाच्या पुडीत सोन्याचे तुकडे घेऊन बसलेला. "बठ भो," म्हणे, "तू ते क्रिस्टल-बिस्टल शिकस ना, मंग हाई दख. सोनं असं वागत नही."

माझं काम काय ते आधी सांगून टाकतो. धातूच्या आत अणू ओळीत रचलेले असतात, म्हणजे धातू हा स्फटिकच असतो, फक्त बारीक बारीक कणांचा. हे स्फटिक वाकवले, ताणले किंवा गार होताना त्यांनी स्वतःहून आकार बदलला की आत काय एकमेकांत बसतं आणि काय बसत नाही, त्याचं गणित मी करतो. घरच्यांना 'धातूवर पीएचडी केली' एवढं पुरतं. मामाला इतकी वर्षं वाटायचं की मी कुठल्यातरी स्टील कारखान्यात आहे, आणि मी पण कधी दुरुस्त केलं नव्हतं.

तर प्रकरण असं. मामाचं दुकान सराफ बाजारात आतल्या गल्लीत. जळगावला सुवर्णनगरी म्हणतात ते मोठ्या शोरूमच्या जोरावर, पण आतल्या गल्लीत अजून हाताने तार ओढणारे, पीळ घालणारे लोक बसतात. मामाकडे सगळं काम २२ कॅरेटचं, पिवळं, पोत, पाटल्या, बोरमाळ. यावेळी एका गिऱ्हाइकाने सुनेसाठी १८ कॅरेटचं रोज गोल्डचं कडं मागितलं, दोन तारांचा पीळ, साधारण २० ग्रॅम, आखाजीच्या दिवशीच हवं, आणि 'चांगलं लाल दिसू द्या' अशी वरून सूचना. मामाने सरळ हिशोब केला. १८ कॅरेट म्हणजे हजारात ७५० सोनं, म्हणून १८ ग्रॅम शुद्ध सोनं आणि ६ ग्रॅम तांबं, एकूण २४ ग्रॅम, थोडी घट धरून. लाल हवं म्हणून चांदी टाकलीच नाही. हा एक छोटासा निर्णय, आणि पुढचं सगळं रामायण त्यातूनच निघालं.

मुशीत सवागी (टाकणखार) टाकून गाळलं, लोखंडी साच्यात ओतलं, सळई निघाली. सळई ऐरणीवर चांगली बडवली गेली, चौकोनी झाली, काही तक्रार नाही. बडवून कडक झाली म्हणून नेहमीप्रमाणे ताव दिला, म्हणजे लाल होईपर्यंत तापवली, आणि संध्याकाळ झाली होती म्हणून कारागिराने ती शेगडीच्या गरम राखेत दाबून ठेवली, हळूहळू गार झाली की मऊ राहील म्हणून. सकाळी काढून रोल मशीनमध्ये घातली तर दुसऱ्याच फेरीत कडेने भेगा, तिसऱ्या फेरीत दोन तुकडे. कटकन आवाज येऊन. सोनं आणि कटकन, हे दोन शब्द मामाने एका वाक्यात उभ्या आयुष्यात वापरले नव्हते.

पहिला संशय अर्थातच तांब्यावर. सोनारांचा जुना अनुभव आहे की शिशाचा अंश जरी गेला तरी सोनं फुटकं होतं, आणि तो अगदी बरोबर आहे. लंडनमध्ये चार्ल्स हॅचेट नावाच्या रसायनशास्त्रज्ञाने १८०३ साली सोन्याच्या नाण्यांवरचे प्रयोग छापले होते, त्यात त्याने दाखवलंय की शिसं, बिस्मथ असले धातू नावापुरते मिसळले तरी सोनं ठिसूळ होतं. शिसं सोन्यात विरघळत नाही, ते कणांच्या मधल्या सांध्यांत जाऊन बसतं आणि सांधाच कच्चा करतं. म्हणून मामाने तुकडे टंच काढायला, म्हणजे शुद्धता तपासायला, पाठवले. मशीनचा कागद आला, सोनं ७५० च्या जरा वर, बाकी तांबं, शिसं काही दिसत नाही. तरी मनाची खात्री म्हणून नवीन तांबं आणून, नवीन मूस घेऊन, थोडं सोनं वाढवून परत सगळं गाळलं. परत तसंच. ऐरणीवर मऊ, ताव दिला, राखेत ठेवलं, सकाळी कटकन.

मी पोचलो तो या दुसऱ्या कटकनच्या सकाळी.

आता मला पटकन उत्तर सापडलं असं सांगायला आवडलं असतं, पण तसं काही झालं नाही. मी आधी मोठ्या शहाण्यासारखं बडवण्यावर बोलायला लागलो. तार ओढली, बडवली की धातू कडक का होतो, तर स्फटिकातल्या अणूंच्या ओळी एकदम सरकत नाहीत, एखादा जाड गालिचा सरकवताना आपण त्यात एक सुरकुती पाडून ती पुढे ढकलतो तशा या ओळी सरकतात, त्या सुरकुतीला डिसलोकेशन म्हणतात. टेलर, ओरोवान आणि पोलान्यी या तिघांनी १९३४ साली वेगवेगळं बसून हेच सुचवलं. बडवत गेलं की अशा सुरकुत्या इतक्या वाढतात की एकमेकींतच अडकून बसतात, धातू कडक होतो, मग ताव द्यायचा, सुरकुत्या विरतात, धातू परत मऊ. कारागीर शांतपणे ऐकून घेत होता, शेवटी म्हणाला, "ते बराबर आहे दादा, पण हे तावाच्या आधी मऊ होतं आणि तावानंतर फुटलं." मी गप्प. सगळं उलटं होतं आणि मी सुलटंच सांगत बसलो होतो.

मग एक गोष्ट कारागीरच सहज बोलून गेला. पहिल्या वेळी सळईच्या टोकाचा एक बोटभर तुकडा ताव देताना चिमट्यातून निसटला आणि पाण्याच्या बादलीत पडला, तो त्याने नंतर वाकवून बघितला होता तर तारेसारखा वळला. "पण तो बारीक होता म्हणून असेल," असं त्याने स्वतःलाच समजावलं होतं. इथे माझ्या डोक्यात एकदम उजेड पडला, आणि खरं सांगू, लाज पण वाटली, कारण १८ ग्रॅम सोनं आणि ६ ग्रॅम तांबं हा आकडा ऐकल्या ऐकल्या मला कळायला हवं होतं.

वजनात हे तीनास एक आहे. पण स्फटिकाला वजन कळत नाही, त्याला नग कळतात. सोन्याचा अणू तांब्याच्या अणूपेक्षा तिपटीहून जड, १९७ ला ६३.५. म्हणजे १८ ग्रॅम सोन्यात जितके अणू, जवळजवळ तितकेच ६ ग्रॅम तांब्यात. हिशोब केला तर शंभर अणूंत ४९ सोन्याचे, ५१ तांब्याचे. चांदी न टाकता केलेलं १८ कॅरेट म्हणजे जवळपास बरोब्बर निम्मे-निम्मे, आणि सोनं-तांबं जोडीतला सगळ्यात बदमाश आकडा तोच आहे.

गरम असताना हे दोघं कसेही मिसळून बसतात. रचना घनाची, म्हणजे लांबी रुंदी उंची सारखी असलेला खोका, त्याच्या कोपऱ्यांवर आणि प्रत्येक बाजूच्या मध्यावर एकेक अणू, कुठे सोनं कुठे तांबं याला काही नियम नाही. ४१० डिग्रीच्या खाली गेलं की त्यांना शिस्त सुचते. ३८५ पर्यंत एक मधली अवस्था असते ती सोडून देऊ, त्याखाली थराला थर लागतो, एक थर सगळा सोन्याचा, पुढचा सगळा तांब्याचा, परत सोन्याचा. रशियात कुर्नाकोव्ह आणि त्याच्या सोबत्यांनी हे पहिल्या महायुद्धाच्या काळात हुडकलं, आणि १९२५ ला योहान्सन आणि लिंडे यांनी एक्स-रेने दाखवलं की आत खरंच असे थर असतात. अडचण थरांची नाही, थरांमुळे खोक्याचा आकार बिघडतो ही आहे. सोन्याचा अणू मोठा, तांब्याचा लहान, वेगवेगळ्या थरांत बसले की खोका एका दिशेने चपटा होतो आणि बाकी दोन दिशांनी पसरतो. आकडे असे की आधी तिन्ही बाजू ३.८७ अँगस्ट्रॉमच्या (अणूंची अंतरं मोजायचं माप) आसपास, नंतर दोन बाजू ३.९६ आणि एक ३.६७. म्हणजे एकीकडे पाच टक्के आकुंचन आणि दोन दिशांना सव्वादोन टक्के फुगणं. धातूच्या हिशोबाने पाच टक्के म्हणजे भरपूर झाले, तार तोडायला याहून पुष्कळ कमी पुरतं जर तिला सरकायला जागा नसेल तर.

मामाला हे समजावताना मला केळीचे क्रेट सुचले, रावेर-सावद्याकडे ट्रक भरताना आपण सगळ्यांनी बघितलेत. समजा ट्रकभर अगदी चौकोनी ठोकळ्यासारखे क्रेट गच्च रचलेत, फटीला जागा नाही. आता रात्रीतून प्रत्येक क्रेट एका बाजूने चपटा झाला आणि दोन बाजूंनी पसरला. कुठल्या बाजूने चपटा व्हायचं ते ज्याचं त्याने ठरवलं, उभा, आडवा किंवा मागे-पुढे, अशा तीन तऱ्हा. सगळे एकाच तऱ्हेने चपटे झाले तर रचलेला माल खाली बसेल आणि फाळके फुटून बाहेर येईल. ज्याला जे सुचेल ते त्याने केलं तर मधे मधे फटी पडतील. मग यातून वाट कुठली?

नेमकं हेच माझं रोजचं काम आहे. वाट अशी की दोन तऱ्हांचे पट्टे करायचे, एक पट्टा आडव्या चपट्यांचा, त्याला लागून उभ्या चपट्यांचा, परत आडव्यांचा. या दोन तऱ्हा एका विशिष्ट तिरक्या पातळीवर एकमेकींना फट न ठेवता चिकटतात, त्यांना जुळे स्फटिक म्हणतात. आणि पट्ट्यांची जाडी बरोबर प्रमाणात ठेवली, या सोन्या-तांब्यासाठी साधारण ७० ला ३०, तर दोन्ही मिळून सरासरी आकार असा येतो की तो बाहेरच्या न बदललेल्या घनाला एका सपाट पातळीवर बिनताणाचा लागून बसतो. एकट्या तऱ्हेला हे कधीच जमत नाही, कारण दोन दिशांनी फुगलेली आणि एकीकडे आकसलेली गोष्ट मूळच्या आकाराला एका सपाट पातळीभर बिनताणाची चिकटूच शकत नाही, एक तरी दिशा जशीच्या तशी राहायला लागते. ७० हा आकडा मी मामासमोर पावतीच्या मागे काढून दाखवला, ०.०५२ भागिले ०.०७५, झालं. १९५३ साली वेक्स्लर, लिबरमन आणि रीड यांनी पोलादातल्या अशाच आकारबदलासाठी हे गणित मांडलं आणि १९८७ ला बॉल आणि जेम्स यांनी त्याला ऊर्जेच्या भाषेत पक्कं बसवलं, आमच्या विषयातली निम्मी जनता अजून त्याच वाटेवर चालतेय, मी पण.

पण हे सगळं एका मोठ्या एकसंध स्फटिकात छान जमतं. मामाच्या सळईत हजारो कण, प्रत्येकाची दिशा वेगळी, एकाचे पट्टे शेजाऱ्याच्या पट्ट्यांशी सांध्यावर जुळायलाच तयार नाहीत. सगळा ताण मग सांध्यांवर जमा होतो. एरवी सोनं थोडं सरकून तो ताण पचवतं, पण शिस्त लागलेल्या स्फटिकात सरकणं पण महाग होतं, कारण वर सांगितलेली ती सुरकुती एकटी पुढे गेली की सोन्यासमोर सोनं आणि तांब्यासमोर तांबं येऊन थर विस्कटतात, ते परत जुळवायला मागून दुसरी सुरकुती यावी लागते, म्हणून त्या जोडीनेच चालतात आणि जोडीला जास्त जोर लागतो. कडकपणा जवळपास दुप्पट होतो. आतून आधीच ताणलेलं, वरून सरकायला तयार नाही, आणि अशा सळईला आपण रोलमध्ये घातलं.

पाण्यात पडलेला तुकडा का वाचला ते आता सरळ आहे. शिस्त लागायला अणूंना इकडून तिकडे चालत जावं लागतं, त्याला वेळ लागतो. एकदम गार केलं की ते जिथे आहेत तिथेच थिजतात, खोका घनच राहतो. साच्यातली सळई पण लोखंडाला लागून पटकन गार झाली होती म्हणून पहिल्यांदा बडवताना मऊ होती. राखेत रात्रभर ठेवलेलीला मात्र सगळी सवड मिळाली. कारागिराची राखेची सवय लोखंडकामातून आलेली, तिथे हळू गार केलं की मऊ आणि पाण्यात बुडवलं की कडक, इथे अगदी उलट. आणि २२ कॅरेटमध्ये त्याला हा फरक कधी दिसलाच नसता. तिथे नुसतं तांबं मिसळलं तरी शंभरात २२ अणूच तांब्याचे, त्या प्रमाणाला शिस्त लागते ती २०० डिग्रीच्या खाली, तेवढ्या थंडीत अणू हलतच नाहीत म्हणा ना, आणि लागली तरी खोका घनच राहतो. मामाचा इतक्या वर्षांचा अनुभव खोटा नव्हताच, तो २२ कॅरेटचा होता.

टंच मशीनचा पण दोष नाही. ते कुठले अणू किती एवढंच सांगतं, ते कसे बसलेत हे त्याला दिसत नाही. मऊ तुकडा आणि फुटका तुकडा, दोन्हीचा कागद सेम टू सेम येणार.

मामाला माझं गणित ऐकून पटलं असं नाही, त्याला करून बघायचं होतं, आणि तेच बरोबर. तिसऱ्यांदा गाळलं, बारीक सळई केली, तिचे तीन तुकडे केले, तिन्ही एकत्र लाल केले. एक लालसर असतानाच पाण्यात, एक विटेवर उघड्यावर, एक राखेत दोन तास. पाण्यातला बोटावर गुंडाळला गेला. राखेतला पक्कडीत धरून वाकवला तर वीस-तीस अंशांतच तुटला. विटेवरचा मधलाच निघाला, वळला पण हाताला कडक लागला. कारागिराने तिन्ही परत परत हातात घेऊन बघितले आणि मग राखेचं भांडं पायाने बाजूला सारलं, बोलला काही नाही.

एक बारकावा इथे महत्त्वाचा आहे. पाण्यात टाकताना धातू ४१० च्या बराच वर हवा, आणि एवढं तापलंय हे डोळ्याने ओळखायचं तर लालपणा दिसला पाहिजे, दुपारच्या उजेडात अंधुक लाल दिसतच नाही. म्हणून आम्ही पुढचं शटर अर्धं ओढलं आणि दिवा बंद केला. पंखा आधीच बंद होता, ज्योत हलते म्हणून. आत काय अवस्था झाली असेल ती जळगावकरांनी समजून घ्यावी. आणि पाणी म्हणजे साधं पाणी, तेजाबात लाल धातू बुडवायचा नाही, उजळायचं काम नंतर.

तार जंतरातून, म्हणजे तार बारीक करायच्या भोकांच्या पट्टीतून, मस्त निघाली. प्रत्येक तीन-चार भोकांनंतर ताव, ताव की लगेच पाणी. २ मिलिमीटरवर आणून पीळ घातला, गोल केलं, मामा खुश, मी पण जरा कॉलर ताठ करून घरी जेवायला गेलो, शेवभाजी होती. संध्याकाळी परत आलो तर दोघांची तोंडं उतरलेली. पेच बसवायला सोल्डर केलं, सांधा हलू नये म्हणून कडं लोखंडी तारेने बांधून विटेवर तसंच ठेवलं, आणि गार झाल्यावर पेचाच्या जवळ केसाएवढी भेग. ही चूक सरळ माझी. 'तार पाण्यात टाका' एवढंच मी सांगितलं होतं, 'प्रत्येक वेळी तापलं की पाण्यात' असं सांगितलंच नाही. सोल्डरच्या ज्योतीला काय माहीत की हे तावासाठी नव्हतं. टोकाकडचा दीड इंच कापून टाकला, कड्याचा घेर कमी झाला म्हणून शिल्लक तुकड्यांतून नवी जोड ओढली, परत सोल्डर, यावेळी सोल्डर घट्ट झालं की लालपणा जायच्या आत बुडवलं. टिकलं.

मामाने मधे विचारलं की पुढच्या वेळी चांदी टाकली तर हे सुटेल का. कमी होईल, मी म्हणलं. ७५ सोनं, ९ चांदी, १६ तांबं असं गुलाबी १८ कॅरेट नेहमीच करतात, ते पुष्कळ गरीब आहे, रंग मात्र थोडा फिका. पण तांबं जास्त तिथे पाण्याची बादली जवळच ठेवायची. मग त्याने खरा सोनाराचा प्रश्न विचारला. हा कडकपणा मुद्दाम थोडासा आणता येतो का, पेचाच्या पट्टीला स्प्रिंगसारखा ताण हवा असतो म्हणून. येतो, तयार दागिना ३०० डिग्रीच्या आसपास मोजून थोडा वेळ ठेवायचा, कारखान्यांत करतात, त्याला तापमान धरून ठेवणारी भट्टी लागते. मामाने शेगडीकडे बघितलं, माझ्याकडे बघितलं, आणि विषय तिथेच संपला.

कडं आखाजीच्या सकाळी गेलं, १९ ग्रॅम आणि काही मिली. गिऱ्हाइकाला फक्त रंग बघायचा होता, रंग आवडला.

राखेतला तो तुटका तुकडा मी मागून घेतला, लॅबमध्ये एक्स-रे खाली ठेवून ३.९६ आणि ३.६७ खरंच दिसतात का ते बघायचंय. मामाने आधी तो काट्यावर ठेवला, चष्मा लावला, वहीत तारीख टाकली आणि लिहिलं: भाचा, १.३४० ग्रॅम, १८ कॅरेट, उधार.